पावलापुरती कोरडी जागा

…तर धुतलेल्या शहाबादी फरशीवर नीलम्मा शेणाचा हात फिरवतेय आणि पौर्णिमा नाकाला पदर लावून उंबऱ्यात उभी, इथं काल गोष्ट थांबली होती. पौर्णिमा म्हणजे पंपाच्या जळलेल्या मोटारीत नवी तार भरणाऱ्या राजपालची बायको, गावची आशा कार्यकर्ती. तिच्या तोंडाला कोण लागणार!

"मावशी, आमच्यात असलं काय मानत न्हाईत बरं का. आन् फरशी म्या सकाळीच पुसलीया."

"तू मानू नगंस. पाय तेवढा उचल," नीलम्मा म्हणाली.

माकणी धरणाच्या अंगाला असलेल्या त्या वाडीत नीलम्माचं कामच जगावेगळं. कुणाच्या डोक्यात घातकी विचार शिरला आणि एकाचा दुसऱ्याला लागत चालला, की तिला बोलावणं यायचं. ज्याला लागण झाली त्याला घराच्या मधोमध बसवायचं, विचार मोठ्यानं बोलायला लावायचा, आणि बोल जमिनीवर पडले की त्यांच्यावर सारवायचं. आतल्या भिंतीपासून मागं मागं सरत दारापर्यंत. शेण वाळलं की विचार गेलेला. नुसता डोक्यातून नव्हे, जगातून. वाडीत अजून रुंद दगडी पायऱ्या आहेत. वर काहीच नाही, नुसतं आभाळ. बाया त्यांच्यावर गोवऱ्या वाळवतात. त्या पायऱ्या कुठं चढत होत्या ते गावात कुणाला सांगता येत नाही. नीलम्माला ठाऊक आहे.

कारण सारवणारीला शेवटी पाय टेकायला जागा लागते ना! दाराशी पावलापुरती जमीन कोरडी राहते, आणि पुसलेलं ते सगळं तिच्या एकटीच्या आठवणीत राहतं. सासूनं हे काम तिच्या हाती दिलं तेव्हा नेमकं हेच सांगायचं टाळलं. नंतर म्हातारी हसत म्हणाली, "आधी सांगितलं असतं तर तू हात घातला असतास व्हय?"

या खेपेचा विचार लई वंगाळ होता. मेलेलं माणूस कुठं जात नाही, पलीकडच्या खोलीतच असतं. एका ठराविक रीतीनं हाक मारून गप्प बसलं की ओ देतं. ती रीत कोणती, हे मात्र नीलम्मा आमच्या तेर गावात बहिणीकडं येऊन बाकी सगळं सांगून गेली तरी तिनं सांगितलं नाही. फार बरं केलं.

कारण ओ खरंच यायची. राजपालला आईची यायची, गेल्या उन्हाळ्यात वारलेल्या सुमनबाईची. "आले रं, आले." भर दिवसा माणसं बंद खोल्यांपुढं मान वाकडी करून बसलेली. दावणीला म्हशी हंबरतायत, चुलीवर भात करपतोय, आणि घराघरांतून बारीक आवाज. आले, आले. रोज थोडा अधिक जवळून. गिरणीवाल्या व्यंकटला धीर निघाला नाही. मेलेल्या भावाला भेटायला तो खोलीत शिरला आणि मागं दार लोटलं. बायकोनं दार उघडलं तर खोली रिकामी, खिडकीचे गज जागच्या जागी. त्या दिवसापासून तिथून दोघं ओ देऊ लागले.

अशा विचाराचं मूळ शेवटी सारवावं लागतं, नाहीतर तो पुन्हा उगवतो. म्हणून मधोमध मांडी घालून बसलेल्या राजपालला नीलम्मानं विचारलं, "तुला कुणी सांगितलं रं हे?"

राजपालनं बायकोकडं बघितलं.

"सांग की आता! इतके दिस भिंतीशी बोलत हुतास, तवा न्हाय लाजलास," पौर्णिमा म्हणाली.

"महांतप्पा काकांनी. मोटार भरायला आनली हुती तवा."

महांतप्पा म्हणजे नीलम्माचा नवरा. तिचा हात शेणातच थांबला. मग तिनं दारापर्यंत सारवत आणलं. शेण वाळत आलं तसा राजपाल डोळे चोळत उठला आणि म्हणाला, "आईचा आवाज कसा हुता गं?" पौर्णिमानं चेष्टेसाठी तोंड उघडलं आणि तसंच मिटलं. तिलाही आठवेना.

नीलम्मा घरी आली तेव्हा ऊन अंगणात होतं. महांतप्पा जोंधळ्याच्या पोत्यांच्या खोलीपुढं बसला होता. आधी ती शिवप्रियाची खोली. त्यांची एकुलती पोर, शाळेत असतानाच तापानं गेलेली.

"बस, नीला. ऐक," तो म्हणाला, आणि त्यानं हाक मारली.

"बंदे, अप्पा." त्यांच्या घरात कानडी; बंदे म्हणजे आले. आवाज इतका जवळून आला की दाराची कडी थरथरली.

"कवापास्नं चाललंय हे?"

"ती गेली तवापास्नं. तू लोकांची घरं सारवीत हिंडतीस. घरात मी आन् ती."

"आवो, ती न्हाय ती."

"मग कोन हाय?"

नीलम्मा खाली बसली. "राजपालनं चार दिस हाक मारली, तर आईचा आवाज गेला त्याचा. तुमच्यापाशी तर तिचं जे काय हाय ते समदं त्या हाकंला चिकटलंय. समदी पोर पुसून निघंल. कुनालाच ठावं ऱ्हानार न्हाय."

"मग नगं सारवू."

"व्यंकटाच्या बायकूला काय सांगू?"

तेवढ्यात कडी आपोआप निम्मी वर झाली. दाराआड श्वास ऐकू येऊ लागला. एका पोरीचा नव्हे, पुष्कळ जणांचा, दाटीनं उभं राहिल्यासारखा. त्यात कुणीतरी खोकलं. ते व्यंकटचं खोकणं होतं. महांतप्पा उठला, आणि आपणहून घराच्या मधोमध जाऊन बसला.

"हात हलका ठेव," एवढंच म्हणाला.

त्यानं विचार बोलून टाकला आणि नीलम्मानं सारवायला घेतलं. हात हलकाच ठेवला. कडी खाली पडली. भिंतीवर शाळेतला फोटो होता, दोन वेण्या, पांढरा सदरा. शेण वाळत गेलं तशा आधी वेण्या गेल्या, मग चेहरा. उरला तो फोटोवाल्याचा निळा पडदा.

महांतप्पा उठला, तांब्याभर पाणी प्याला, आणि त्यानं देवळीतून काहीतरी काढून उजेडात धरलं. "ही बारकी बांगडी कुनाची गं? आपल्याकडं तर लेकरू न्हाय."

"शेजारची हाय. ऱ्हाऊ द्या तितंच," नीलम्मा म्हणाली. ती अजून दाराशी, पावलापुरत्या कोरड्या जागेवर उभी होती.

तेव्हाच पोत्यांच्या खोलीतून आवाज आला, अगदी लहान, कडीच्या पलीकडून. "अव्वा, बंदे." आई, आले.

महांतप्पा बांगडीवरची धूळ फुंकत राहिला. त्याला काही ऐकू आलं नव्हतं. नीलम्मा अजून दमट असलेल्या सारवणावरून पाय उमटवत गेली, दाराला तोंड लावलं आणि हळूच म्हणाली, "बाळा, तू येऊ नगंस. हितं माझ्याबिगर तुला वळखनारं आता कुनी न्हाय. तितंच थांब, म्याच येते."