तलावाचा परवाना

बसल्या बसल्या त्यांचा उजवा तळहात गुडघ्यावर हलक्या थापट्या मारत असे. लेकराला थोपटावं तशा, पण जरा घाईच्या. सावली गावच्या तहसील कचेरीतल्या बाकावर तुम्ही त्यांना पाहिलं असतं, तर हा माणूस मनातल्या मनात एखादं भजन धरून बसला आहे असं तुम्हालाही वाटलं असतं. तिथल्या एका कारकुनानं एकदा विचारलंच, "काऊन जी, तबला शिकून राह्यले का?" ते ओशाळून हसले आणि त्यांनी हात मांडीखाली दाबला. थोड्या वेळानं हात पुन्हा गुडघ्यावर.

गावात सगळे त्यांना बंगालीभाऊ म्हणत. त्यांनी नाव सांगितलं होतं, पण आमच्या जिभेला ते नीट वळेना, आणि त्यांनी कधी आग्रह धरला नाही. सीमेपलीकडचं युद्ध संपून काही वर्षं झाल्यावर ते इकडे आले. वैनगंगेच्या पलीकडे निर्वासितांची वसाहत होती, तिथं त्यांची बहीण राहत होती. आधी आलेल्यांना जमिनी मिळाल्या होत्या, कागद मिळाले होते. हे उशिरा आले. त्यांचं नाव कुठल्याच यादीत नव्हतं.

बहिणीकडे राहायला कुणाची हरकत नव्हती. पण काम करायचं तर परवाना हवा. कचेरीतल्या साहेबांनी स्पष्ट सांगितलं होतं की मासेमारीशिवाय दुसरं काही येत नसेल, तर एखाद्या तलावाच्या मच्छीमार सोसायटीचं ना-हरकत पत्र आणा. वर्षभराची मुदत आहे. तोवर काम मिळालं नाही, तर दूरच्या छावणीत परत पाठवावं लागेल. ज्या छावणीतून ते आले होते, तिथंच त्यांची बायको वारली होती. रक्ताचं माणूस म्हणून आता ही बहीणच उरली होती.

नदीच्या या बाजूला मोठा तलाव आमच्याच गावाचा, म्हणून ते आमच्याकडे आले. मी शाळेत मास्तर होतो आणि मासे धरणाऱ्या ढिवर मंडळींच्या सोसायटीचा कागदपत्रव्यवहारही माझ्याकडेच होता. त्यांचा अर्ज मीच लिहिला.

तलावाच्या पाळीवर, म्हणजे बांधावर, सभा बसली. सोसायटीचे अध्यक्ष म्हातारे, काटकुळे, आवाज न चढवता बोलणारे. ते म्हणाले, "माणूस वाईट नाई दिसत. पण आज हा आला, उद्या याचा साळा येईल, परवा साऱ्या वसाहतीचे जाळे आमच्या तलावात. मंग आमच्या पोट्ट्याइनं काय खावं?"

ही भीती खोटी नव्हती. त्या चाळीसेक घरांना तलावाशिवाय दुसरा आधार नव्हता. बंगालीभाऊ मान हलवत ऐकत होते, जणू दुसऱ्याच कुणाचा अर्ज चालला आहे. पत्र मिळालं नाही म्हणून परतताना मीच चिडलो होतो. ते म्हणाले, "बरोबर बोलले ते, मास्टारबाबू. माझ्या गावी असा कोणी आला असता, तं माझा बापही हेच बोलला असता."

"मग आता?"

"आता बसू."

हा त्यांचा शब्द. साहेब जेवायला गेले, बसू. बस चुकली, बसू. पण त्यांचं बसणं रिकामं नसे. पाळीवर फाटकी जाळी पडलेली असत, त्यातलं एखादं ओढून घेत आणि विणायला लागत. कुणीतरी टोमणा मारला, "बंगाली, आता शिवायची मजुरी मांगशील का?" ते जाळ्यावरून मान न उचलता म्हणाले, "परवाना कुठी हाय? मजुरी घेतली तं पोलीस नेईल." त्या दिवशी लोक त्यांच्यासोबत पहिल्यांदा हसले.

पावसाळ्याच्या तोंडाशी सोसायटी ब्रह्मपुरीपलीकडच्या सरकारी केंद्रातून रोहू-कतल्याचं बी आणायची. जिऱ्याएवढी पिल्लं, ॲल्युमिनियमच्या हंड्यांत भरून बसनं आणायची. वाटेत त्यातली बरीच मरत. त्या वर्षी अध्यक्ष त्यांना म्हणाले, येतो तं ये. सही करायला मी होतोच.

परतीच्या बसमध्ये मला त्यांच्या हाताचा उलगडा झाला. हंड्यांच्या मध्ये ते उकिडवे बसले होते आणि एकेका हंडीत तळहात घालून पाण्यावर थापट्या मारत होते. पाणी हललं की त्यात हवा मिसळते. "पाणी झोपलं की पोरं गुदमरते," एवढंच ते म्हणाले. तरुणपणापासून त्यांनी हेच काम केलं होतं, नदीतलं बी आगगाडीनं लांबलांबच्या गावी नेण्याचं. शेजारी लग्नाला निघालेली एक बाई शिंतोडे उडतात म्हणून बोल बोल बोलली. त्यांनी आपला गमछा काढून तिच्या गुडघ्यांवर पसरला आणि हात चालू ठेवला. मध्ये चाक पंक्चर झालं, सगळे उतरले, ते उतरले नाहीत. त्यांचा खांदा भरून आला असणार, म्हणून मी हंडीत हात घातला. थोडा वेळ बघून ते म्हणाले, "मारू नका, मास्टारबाबू. उठवा."

बी जिवंत पोचलं. तलावाशेजारच्या बोडीत, म्हणजे लहान तळ्यात, ते सोडलं. अध्यक्ष काठावर वाकून बराच वेळ पाहत राहिले आणि मला म्हणाले, "पत्र लिहून ठेवा, गुरुजी. सभेत अंगठा देतो."

सभेला दोन दिवस होते. त्या दोन दिवसांत सगळं बिघडलं.

बोडीत एक मरळ होती. बी सोडण्याआधी असे पिल्लं खाणारे मासे काढून टाकायचे, ही त्यांच्या कामाची रीत. ती राहून गेलेली पाहून त्यांनी दुपारी जाळं टाकलं, मरळ धरली आणि मोठ्या आनंदानं अध्यक्षांच्या अंगणात नेऊन ठेवली. अध्यक्षांच्या बायकोनं पदर तोंडाला लावला आणि ती मागं सरली. मरळीची पिल्लं तांबड्या झुबक्यासारखी पाण्यावर तरंगतात, खाली आई राखण करते. अशी लेकुरवाळी मरळ आमच्या गावात कुणी धरत नाही. घरात चूल पेटलेली नसली तरी जाळं फिरवून दुसरीकडे टाकतात. हे इथल्या प्रत्येकाला लहानपणापासून ठाऊक असतं, म्हणूनच त्यांना ते सांगायचं कुणाला सुचलं नव्हतं.

तो मासा कुणी खाल्ला नाही. सभेत एकजण म्हणाला, परवान्याआधी हे, तर परवान्यानंतर काय? मी बोलायला उठलो. मरळीनं सोसायटीचंच बी खाल्लं असतं, हे मी सांगणार होतो, आणि ते खरं होतं. बंगालीभाऊंनी माझं मनगट धरलं. ते उभे राहिले आणि म्हणाले, "मले माहीत नव्हतं. आता माहीत झालं." पुन्हा खाली बसले. पत्र तसंच माझ्या पिशवीत परत आलं.

दुसऱ्या दिवशी त्यांनी ती पोरकी पिल्लं फडक्यानं गाळून एका हंडीत घेतली आणि शाळेच्या भिंतीच्या सावलीत मांडली. उकडलेल्या अंड्याचा बलक चुरून घालत, डासांच्या अळ्या गोळा करून आणत, दिवसातून कितीदा पाणी बदलत. शाळेतली पोरं चिडवत, बंगालीभाऊ मरळीची माय झाले. ते गंभीरपणे म्हणत, "माय नाई रे. मावशी." बरीच मेली. जी जगली ती बोटाएवढी झाल्यावर हंडी घेऊन ते पाळीवर गेले आणि अध्यक्षांना विचारलं, यांना कुठी सोडू?

म्हातारा हंडीत डोकावला. "अरे बाबा, हे मोठे होऊन तुह्याच बियाले खातील."

"खातील थोडं. त्यांचा तलाव हाय, भाऊ. मी तं आता आलो."

अध्यक्षांनी हंडीचा एक काठ धरला, दुसरा यांनी, आणि दोघांनी मिळून ती पाण्यात कलती केली.

पत्राचा विषय मात्र कुणी काढला नाही. हिवाळा गेला. उन्हाळ्यात पाणी उतरलं, मुदत संपत आली. वसाहतीत त्यांची बहीण त्यांचे कपडे धुऊन घड्या घालून ठेवू लागली होती.

मग तलावाची मोठी मासेमारी झाली. त्या दिवशी पाळीवर माशांचे सारखे ढीग लावतात. एकजण ढिगावर हात ठेवून विचारतो, हा कोणाचा? अध्यक्ष ढिगांकडे पाठ करून बसलेले असतात, ते नाव घेतात. न पाहता घेतलेलं नाव, त्यावर कुणी वाद घालत नाही. ज्याचा ढीग, त्याचा तलाव.

बंगालीभाऊ पाण्याच्या कडेला जाळी धुत होते. नावं चालली होती. मधेच, दोन नावांच्या मध्ये, म्हातारा त्याच आवाजात म्हणाला, "बंगालीचा."

कुजबुज झाली आणि थांबली. बंगालीभाऊंनी वर पाहिलं, मग मागं वळून पाहिलं, दुसरा कुणी बंगाली आला आहे की काय म्हणून. अध्यक्षांनी मान न वळवता सांगितलं, "उचल ना बाबा लवकर. ऊन तापून राह्यलं. माशे काय पाहायले ठेवले?"

त्यांनी गमछ्यात मासे भरले, पण गाठ काही मारता येईना. शेवटी अध्यक्षांच्या बायकोनं येऊन ती मारून दिली. मी तिथंच पिशवीतून पत्र काढलं आणि म्हाताऱ्यानं अंगठा उठवला. कचेरीतल्या त्याच कारकुनानं तो कागद नाकाजवळ नेला आणि लांब धरून शिक्का मारला.

परवाना दरवर्षी नवा करावा लागे, आणि दरवर्षी तो होत गेला. वसाहतीतून दुसरं कुणी आमच्या तलावावर आलं नाही. बंगालीभाऊंनी येऊ दिलं नाही, असं मला नंतर कळलं.

गेल्या हिवाळ्यात तापाचं निमित्त होऊन ते बहिणीच्या घरीच वारले. ढिवर मंडळी नदी ओलांडून खांदा द्यायला गेली होती.

या उन्हाळ्यात पुन्हा मासेमारी झाली. ढीग लावणाऱ्यांचे हात जुन्या सवयीनं चालले आणि एक ढीग जास्तीचा लागला. सगळी नावं संपली तेव्हा ते लक्षात आलं. विचारणाऱ्याचा हात ढिगावर टेकला होता, त्यानं सवयीनंच विचारलं, हा कोणाचा?

अध्यक्ष आता फार थकले आहेत. पाठ करून बसले होते. त्यांनी नाव घेतलं नाही, आणि बराच वेळ त्यांनी तोंडही आमच्याकडे फिरवलं नाही.