वयली मूठ

आमच्या जिल्ह्यात ‘एक्सपोर्ट’ हे विशेषण आहे. मालवणच्या बंदरावर मोठी कोळंबी एक्सपोर्ट असते, बागेतला बिनडागाचा हापूस एक्सपोर्ट असतो, आणि जहाजावर नोकरी करणारा नवरामुलगाही एक्सपोर्टच. उरलेले सगळे लोकल. लोकल आपण खातो किंवा त्याच्याशी लग्न करतो.

वर्तमानपत्रात काम करताना मी निर्यातीच्या पुष्कळ बातम्या लिहिल्या. निर्यात वाढली, निर्यात घटली, एवढ्यावर त्या संपत. गेलेल्या मालाबरोबर आणखी काय गेले, हे विचारायची पद्धत नव्हती. ते मला कट्टा गावाजवळ, मावशीच्या शेडमध्ये कळले.

मावशीचा काजू कारखाना म्हणजे घरामागची पत्र्याची शेड आणि अकरा बायका. काजूची बी उकडायची, फोडायची, गर वाळवायचा, त्याची साल काढायची आणि आकाराप्रमाणे निवडायचा. मार्च ते मे बागायतदार बी आणून देत. जूनपर्यंत ती संपे आणि शेडला कुलूप लागे. लावणीचे दिवस सोडले तर बायका पुढच्या मार्चपर्यंत घरी. बी जास्त साठवून पावसातही काम चालवावे, असे मावशीच्या मनात होते. पण गर कोण घेणार ते ठरल्याशिवाय एवढी बी धरून ठेवणे तिला परवडणारे नव्हते. परजिल्ह्यातला एक व्यापारी मात्र बी आहे तशी पोत्यांसकट उचलायला दरवर्षी तयार असे.

त्या वर्षी मुंबईच्या एका निर्यातदाराने वीस डबे नमुन्याला मागितले. माल पसंत पडला तर दिवाळीपर्यंत दर महिन्याला घेईन, म्हणाला. मावशीने माळ्यावर पोती रचली आणि व्यापाऱ्याला थांबायला सांगितले.

डबे भरायचे काम काकीचे. ही धामापूरची, शेडमधली सर्वांत वयस्क बाई. काजूगराची प्रत नंबरावरून ओळखतात. एका पौंडात जितके गर बसतात तो नंबर, त्यामुळे नंबर लहान तेवढा गर मोठा. काकी माणसांनाही नंबर लावायची. मला तिने तीनशेवीस ठरवले होते. स्वतःबद्दल म्हणायची, “मी एकेकाळी दोनशेधा होतंय. आता तुकड्यात जमा.”

वीस डबे गेले आणि आठ दिवसांनी मुंबईहून फोन आला. मी तिथेच होते. मावशी फोनवर ऑफिसातले मराठी बोलते.

“कमी भरले का साहेब? जास्त? जास्त भरले म्हणजे चूक कशी?”

पलीकडचा माणूस बराच वेळ बोलला. फोन ठेवून मावशी काकीकडे वळली.

“डब्यात काय घातलंस गो?”

“काजू. आनी काय घालतले?”

“वजन करून झाल्यार?”

काकीने तिच्याकडे पाहिले. प्रश्नच तिला कळला नव्हता. “वयली मूठ घातलंय.”

बाजारात माप भरले की वर एक मूठ घालतात. तांदूळ असो, सुका जवळा असो. ती न घालता माप दिले तर घेणारा तसाच उभा राहतो. काकी आयुष्यभर अशी मूठ घालत आणि घेत आली होती. परदेशी जाणारा माल म्हणून तिने मूठ जरा मोठी घेतली होती.

“लेबलावर एक वजन, आत दुसरा,” मावशी म्हणाली. “आनी तुझी मूठ काय दरवेळी सारखी भरणा नाय. वीस डब्यांत वीस वजना. कागदाक जुळणा नाय म्हणतत.”

“जास्त दिला म्हणून परत धाडतत?”

“धाडतत.”

“कसली माणसा ती,” काकी म्हणाली. तिच्या आवाजात राग नव्हता, काळजी होती.

निर्यातदाराने एक संधी दिली. त्याचा माणूस डबे घेऊन येणार, समोर बसून ते पुन्हा भरून घेणार. वीसच्या वीस बरोबर आले तर ऑर्डर, नाहीतर नाही. पाऊस पंधरा दिवसांवर होता. व्यापाऱ्यालाही याची कुणकुण लागली असावी, कारण मुंबईचा माणूस येणार त्याच दिवशी सकाळी व्यापाऱ्याचा रिकामा ट्रक अंगणात येऊन उभा राहिला. ड्रायव्हर फणसाखाली चटई टाकून बसला.

“घाई नाय, मावशी,” तो म्हणाला. “मुंबयवाल्याशी जमला नाय तर माळ्यावरचा माल माझोच.”

“चाय घे आनी गप बस,” मावशी म्हणाली.

मुंबईचा माणूस तरुण होता आणि शर्टात त्याला गरम होत होते. त्याने आपला वजनकाटा टेबलावर मांडला. काकीने पहिला डबा सुपात ओतून परत भरला, आकडा बरोबर आला, आणि तिचा उजवा हात सुपाकडे गेला. मूठ भरली. बाकीच्या दहा बायका बघत राहिल्या.

“काकी,” मावशी हळू म्हणाली.

काकीने मूठ परत सुपात टाकली. दुसऱ्या डब्याला हात पुन्हा गेला. तिसऱ्याला चार गर डब्यात पडलेच. ते वेचून काढावे लागले.

“डबो दुसऱ्या कोणाक भरूक देऊया,” एक बाई म्हणाली.

“तुमचेय हात तसलेच,” काकी म्हणाली. “माझो निदान माका दिसता.”

मग तिने कोपऱ्यातली वेताची टोपली ओढून डब्याशेजारी ठेवली. चौथा डबा भरला, आकडा आला, हात सुपात गेला, मूठ भरली आणि टोपलीत पडली. पाचवी टोपलीत. सहावी टोपलीत. हात अडवायचा नाही, फक्त वळवायचा. विसावा डबा काट्यावर चढला तेव्हा ड्रायव्हर चटईवरून उठून दारात आला होता. आकडा बरोबर होता.

मुंबईच्या माणसाने कागदावर खूण केली आणि टोपलीकडे बोट दाखवले. “हे कशात धरायचे?”

“कशात धरू नको, झिला,” काकी म्हणाली. “हो तुझो वाटो. तुझ्या आवशीक घेवन जा.”

“काकी, आईसाठीही आम्हाला असे घेता येत नाही.”

“डब्यात चलणा नाय, हातात चलणा नाय. मगे पोटात तरी चलता मां?”

तो हसला आणि मूठभर काजू घेऊन तिथेच खाल्ले. ड्रायव्हरनेही घेतले. रिकामा ट्रक घेऊन तो निघाला तेव्हा मावशीने त्याला विचारले, “रस्त्याक खंय बी गावली नाय तर परत येशीत?”

“येतलंय. पुढच्या वर्साक,” तो म्हणाला. “पन चाय बरी होती.”

त्या पावसात शेडला कुलूप लागले नाही. पत्र्यावर इतका आवाज होई की बायका खुणांनी बोलत. मी तेव्हा हिशेबाने एक गोष्ट समजून घेतली. तो ट्रक पोती घेऊन गेला असता तर त्यातली बी पुढे कुठेतरी फोडली गेलीच असती, तिचा गर परदेशी गेलाच असता, आणि माझ्या बातमीत निर्यात तेवढीच दिसली असती. फक्त उकडणे, फोडणे, सोलणे, निवडणे पोत्यांबरोबर निघून गेले असते. ट्रकमध्ये बी दिसते, हे दिसत नाही.

दोन वर्षांनी अशी वेळ आली की आसपासची बी श्रावणातच संपली आणि मावशीने बाहेरची मागवली. काकीने पोत्यात हात घातला, चार बिया तळव्यावर घेतल्या.

“ही खंयची गो?”

“आफ्रिकेची. बोटीन इली.”

काकी जरा वेळ बिया चाळवत राहिली. “थंयच्या बायकांक फोडूक सोलूक येणा नाय?”

“येत असतला,” मावशी म्हणाली. “थंय ट्रक आधी पोचलो असतलो.”

“मगे तेंका कोणीतरी वीस डबे भरूक सांगूक होये.”

“आनी मगे आमी काय फोडूचा?”

काकीने दाराबाहेर पाहिले. कुंपणाच्या कडेने मावशीने लावलेली काजूची कलमे कमरेएवढी झाली होती. “तवसर ही मोठी होतली,” ती म्हणाली आणि पोते ओढून घेतले.

टोपली अजून टेबलाशेजारी असते. दर डब्यामागे एक मूठ तिच्यात पडते, आणि ऑर्डर भरून झाली की ती बायकांत वाटली जाते. कोणी विचारले तर सांगतात, घरचे आहेत, लोकल. अख्खे, पांढरे, दोनशेदहाचे.