भिंतीतल्या सहा ढोल्या

वस्तीत सगळे त्याला आरसा म्हणत. आईबापांनी ठेवलेलं नाव फक्त मतदार यादीत उरलं होतं. तसे गवंडी पुष्कळ, पण गिलाव्यात त्याचा हात धरेल असा एकही नव्हता. आधी जाड थर, मग बारीक थर, शेवटी चुन्याचा पातळ लेप, आणि तो ओला असतानाच लोखंडी थापीनं घोटत बसायचं. दुसऱ्या कुणाला एवढ्यानं कंटाळा आला असता. हा मात्र घोटलेल्या भिंतीवर तळहात फिरवायचा, कुठं कणभर अडकलं की पुन्हा घोटायचा. कुणी कौतुक केलं तर म्हणायचा, "माशी बसली तर घसरली पाहिजे."

"लोकांच्या भिंतींना पावडर लावून येतात," बायको शेजारणींना सांगायची, "आणि स्वतःच्या न्हाणीघराचा कोपरा सात वर्षं तसाच आहे." ते खरं होतं. घरच्या कामाला त्याला वेळ नसायचा.

त्याचं वैर एकाच गोष्टीशी होतं, भोकाशी. विटेची निखळलेली जागा, छज्ज्याखालची फट, नळ काढल्यावर राहिलेली पोकळी, असलं काही दिसलं की त्याचे हात शिवशिवत. ठरलेलं काम समोरच्या भिंतीचं असलं तरी बाजूचं भोक तो जाता जाता बुजवून टाकायचा, आणि त्याचे पैसेही मागायचा नाही. आता बघा, अशा माणसाला वाईट कोण म्हणणार? चाळीस वर्षं त्यानं हेच केलं आणि चाळीस वर्षं लोकांनी त्याचे आभार मानले.

एका दुपारी तो वाचनालयात गेला, ओल आलेली भिंत बघायला. आत मोठ्या टेबलाभोवती दहाबारा माणसं बसली होती. ग्रंथपाल बाईंनी वस्तीत एक मंडळ जमवलं होतं, त्याची ती बैठक. या लोकांनी नाल्याकाठची शोभेची परकी झाडं काढून तिथं या मातीतलीच झुडपं लावली होती. औषधाची फवारणी बंद पाडली होती. त्यासाठी पालिकेच्या कचेरीत किती खेटे घातले ते त्यांचं त्यांना ठाऊक. झुडपांवर किडे आले, किड्यांमागे सरडे आले, फुलपाखरं तर इतकी आली की शाळेची मुलं वह्या घेऊन मोजायला यायची. दयाळ मात्र आला नाही. हा मुठीएवढा काळापांढरा पक्षी. उजाडायच्या आधी छपराच्या टोकाला बसून शीळ घालायचा. चाळिशी ओलांडलेल्या प्रत्येकाला ती शीळ आठवत होती आणि ती कधी थांबली हे एकालाही सांगता येत नव्हतं.

टेबलावर वस्तीचा नकाशा होता. भिंतींतल्या भोकांत दयाळाचं घरटं पूर्वी कुठं कुठं असायचं ते बाईंनी म्हाताऱ्या माणसांना विचारून घेतलं होतं आणि तिथं लाल ठिपके दिले होते. आरसा सहज वाकून बघायला लागला. दवाखान्याचा मागचा कोपरा. शाळेच्या जिन्याखाली. छापखान्याची उत्तरेची भिंत. पिठाच्या गिरणीचा छज्जा. एकेका ठिपक्यावर त्याचं बोट थांबत गेलं, पार सोळाव्या ठिपक्यापर्यंत. सोळाच्या सोळा भिंती त्याच्या हातच्या होत्या.

ओल बघायची राहूनच गेली. घरी येऊन त्यानं बायकोला सांगितलं. ती भाजी निवडत होती, तिचा हात थांबला नाही.

"मला वाटलं तुम्हाला ठाऊक आहे," ती म्हणाली.

"तुला ठाऊक होतं?"

"तुम्ही भोक बुजवल्यावर गिरणीच्या छज्ज्यापाशी दयाळाचा नर तीन दिवस घिरट्या घालत होता. मी रोज दळण घेऊन जात होते. डोळे होते मला."

"मग बोलली का नाहीस?"

"बोलले असते तर भोक उघडं ठेवलं असतंत?"

रात्री तो धड जेवलाही नाही.

दुसऱ्या दिवशी वाचनालय उघडायच्या आधी तो पायरीवर बसलेला. बाई आल्या तसा म्हणाला, "दयाळासाठी भिंतींत ढोल्या मी करून देतो. मजुरी नको." बाईंनी त्याला आत बसवलं आणि कुठून तरी मिळवलेला एक कागद काढून वाचून दाखवला. तोंड मूठ जाईल एवढं. तोंडाखाली वीतभर खोली. मागच्या बाजूनं लाकडी झडप, म्हणजे मोसम संपल्यावर साफ करता येईल. आतून ओबडधोबड, आडव्या रेघा मारलेली. तो मान डोलवत राहिला. पुन्हा वाचू का विचारलं तर म्हणाला, "बाई, मला भिंत शिकवता होय?" दोघंही हसले.

सहा जागा ठरल्या, एकमेकींपासून लांब लांब, कारण दयाळाला शेजार खपत नाही. पहिली ढोली त्यानं छापखान्याच्या भिंतीत काढली. वीट फोडली, पोकळी आखली, गिलावा केला. खिळा घेऊन आडव्या रेघा मारल्यासुद्धा. मग मागं सरून बघितलं आणि त्याला कसंतरीच वाटलं. हे आपलं काम? उद्या कुणी झडप उघडून बघितलं तर म्हणेल, आरसा म्हातारा झाला, फुकटच्या कामाला हात आखडला. शिवाय पिल्लं जन्मतात उघडीनागडी, असल्या खरखरीत भिंतीला त्यांचं अंग सोलवटायचं. आपण आयुष्यभर माणसांना गुळगुळीत भिंती दिल्या, आणि ज्यांचं देणं लागतो त्यांना ही असली द्यायची? त्यानं बारीक चुना कालवला, रेघा भरून टाकल्या आणि वाकून, मनगट आत घालून, चमच्याएवढ्या थापीनं पोकळी घोटली. सहाही ढोल्या तशाच केल्या. इतक्या मायेनं त्यानं दुसरं कुठलंच काम केलं नव्हतं, हे मला तुम्हाला सांगितलंच पाहिजे, कारण पुढचं ऐकल्यावर तुम्ही त्याला नुसता हेकट म्हणाल.

उन्हाळा सुरू होताना तीन ढोल्यांत जोड्या आल्या. पहिल्या सकाळी शीळ ऐकू आली तेव्हा लोक दात घासता घासता गच्चीवर आले. छापखान्याच्या मालकानं दुपारपर्यंत यंत्र बंद ठेवलं. आरसा तर हवेतच होता. रोज तिन्ही ठिकाणी चक्कर, मादी चोचीत किडे घेऊन किती वेळा आत गेली त्याची मोजदाद, आणि घरी आल्यावर बायकोला सगळा अहवाल. तीही ऐकून घ्यायची. न्हाणीघराचा विषय तिनं त्या महिन्यात एकदाही काढला नाही.

छापखान्यातला आणि शाळेतला आवाज मग थांबला. पिल्लं उडाली, सगळे म्हणाले. उडताना कुणी पाहिली नव्हती, पण पहाटे कोण बघत बसतंय. आरशानं दोन्हीकडे पेढे वाटणाऱ्याच्या तोऱ्यात बातमी दिली.

आठवड्यानं तो आणि बाई झडपा उघडून साफसफाई करायला गेले. छापखान्याची झडप त्यानं स्वतः उघडली. तळाशी चार पिल्लं होती, एकमेकांना चिकटून. पिसं पुरती फुटलेली, पंख पुरते झालेले. उडायला हवं ते सगळं त्यांच्याजवळ होतं. वर तोंडापर्यंत पोचायला पाय रोवावा अशी जागा तेवढी नव्हती. घोटलेल्या चुन्यावर नखांच्या बारीक रेघा होत्या, चार बोटं उंचीपर्यंत. त्याच्या वर भिंत स्वच्छ होती.

त्यानं त्या रेघांवरून बोट फिरवलं. "आईनं भरवलं असेल किती दिवस," तो म्हणाला, "आणि मग सोडून दिलं असेल." शाळेच्या ढोलीत तीन होती.

तिसरी ढोली दवाखान्याची. तिथं घरटं उशिरा झालं होतं. तो धावत गेला. साठीचा माणूस, गुडघे कुरकुरणारा, भर बाजारातून धावला. झडपेमागून कलकल ऐकू येत होती. ठोकाठोक केली असती तर पिल्लं बिथरली असती. त्यानं गोणपाटाची एक पट्टी फाडली, तोंडातून ती आत सोडली आणि वरचं टोक तोंडाशी चुन्यानं चिकटवलं. चौथ्या दिवशी एक पिल्लू त्या पट्टीला लटकत लटकत वर आलं, तोंडाशी बसलं आणि बाभळीवर गेलं. दोन दिवसांत चारही गेली. तो समोरच्या बाकावर बसून रडत होता. दवाखान्यातल्या नर्सला वाटलं, कुणीतरी गेलं.

आता खरी पंचाईत पुढं होती. हे फक्त दोघांना माहीत होतं. रविवारी मंडळाची बैठक, आणि शहराच्या चार वस्त्यांमधून माणसं येणार होती, आपल्याकडेही ढोल्या करायच्या म्हणून. आरशाचा सत्कार ठरला होता. बाईंनी त्याला बाजूला घेतलं. "मिस्त्री, उन्हानं गेली म्हणू. खोटं नाही अगदी, ऊन होतंच. लोक आत्ता कुठं जमताहेत. हे कळलं तर कचेरीतले म्हणतील, पोरखेळ आहे, आणि पुन्हा फवारणी सुरू करतील. नाल्याकाठचं सगळं जाईल." बाई चुकीचं सांगत नव्हत्या. तीन वर्षं त्यांनी वस्तीच्या दारोदार चपला झिजवल्या होत्या.

रविवारी त्याला पुढं बोलावलं. त्यानं शाल घेतली नाही, हातानं बाजूला केली आणि जे होतं ते सांगून टाकलं. सोळा भिंतींपासून सांगितलं. खोलीत चुळबुळ झाली. छापखान्याचा मालक उठून निघून गेला, आणि पुढं कित्येक महिने त्याच्याशी बोलला नाही. मागून कुणीतरी म्हणालं, "तरी बरं, बाईंनी वाचून दाखवलं होतं." हे त्याला सगळ्यात जास्त लागलं. बायको शेवटच्या रांगेत होती. ती उठून त्याच्या शेजारी येऊन उभी राहिली. भर सभेत नवऱ्याला चिकटून उभं राहायची तिची ती पहिलीच वेळ.

फवारणी सुरू झाली नाही. बाई महिनाभर रोज टपाल बघत होत्या, पण कचेरीनं दखलच घेतली नाही. चार वस्त्यांची माणसं मात्र बाईंच्या मागे लागली, आम्हाला लिहून द्या म्हणून. तेव्हा बाईंनी नवा कागद करायला घेतला आणि आरशाला समोर बसवलं. तोंडाचं माप, खोली, झडप, सगळं झालं. मग त्यांनी वाचलं, "आतून ओबडधोबड ठेवा, आडव्या रेघा मारा."

"का, ते लिहा," तो म्हणाला.

"ते समजतंच की, मिस्त्री."

"मला समजलं नव्हतं. तुमच्या कागदावर रेघा होत्या, का ते नव्हतं. चांगला गवंडी असेल तर त्या भरून टाकणार. जितका चांगला असेल तितक्या नीट भरणार. लिहा, सात पिल्लं मेली."

बाईंनी लिहिलं आणि वाचून दाखवलं, "एका गवंड्यानं रेघा भरून आतून घोटल्यामुळे सात पिल्लं बाहेर येऊ शकली नाहीत आणि मेली."

"एका कशाला? नाव घाला."

"नको मिस्त्री. कागद शहरभर फिरेल. कायमचं राहील ते."

"नुसत्या कुणा एकाचं कोण ऐकतंय? ते म्हणतील, असेल कुणी कच्चा. माझं काम त्या चारही वस्त्यांतल्या गवंड्यांनी बघितलंय. माझ्या हातून झालं म्हटल्यावर थांबतील."

बाईंनी त्याचं पूर्ण नाव विचारलं. इतक्या वर्षांत ते विचारायची वेळच आली नव्हती. त्यानं सांगितलं, त्यांनी लिहिलं. तो उठला, थापीची पिशवी खांद्याला लावली आणि दारात थांबला.

"आणि बाई, कागद नुसता देऊ नका. वाचून दाखवा. आमच्यातल्या निम्म्यांना वाचता येत नाही, आणि ते तसं सांगणार नाहीत."