एकटीनं गायचं गाणं

डॉक्युमेंटरीच्या युनिटमध्ये मला सगळे 'साउंड' म्हणायचे. "ए साउंड, माइक लाव." "साउंडनं चहा घेतला का?" दुसऱ्याच दिवशी मी दिग्दर्शकांना सांगितलं, आमच्या घरात कॉलेज पूर्ण करणारी मी पहिली आहे, आईवडिलांनी चांगलं नाव ठेवलंय, ते वापरा. ते हसले, पण वापरायला लागले. आवाज घेणं हे माझं काम आहे आणि ते मला नीट येतं. यात लाजण्यासारखं काही नाही.

फिल्म होती नाशिकच्या एका रॉक गायिकेवर. कॉलेजच्या गॅदरिंगपासून तिघांचा बँड होता: ती, एक गिटारवाला, एक ड्रमर. मग एका म्युझिक कंपनीनं तिला एकटीला बोलावलं. ती गेली आणि बँड फुटला. आता गंगापूर रोडच्या एका हॉलमध्ये तिचा एकटीचा पहिला कार्यक्रम होता, आणि तिथपर्यंत आम्ही तिच्या मागं कॅमेरा घेऊन फिरत होतो.

अडचण एका गाण्याची होती. बँडचं नाव ज्या गाण्यानं झालं त्याचे शब्द ड्रमरचे. त्याची आई विंचूरला कांदा निवडायला जायची. संध्याकाळी ती घरी आली की तिच्या हातांना जो वास यायचा, त्यावर ते गाणं होतं. चाल तिघांनी बसवलेली. पण शब्द त्याचे आणि आई त्याची. ते गाणं न म्हणता गायिका स्टेजवरून उतरली असती, तर पुन्हा तिला कुणी बोलावलं नसतं. आणि ड्रमर सगळीकडं सांगत फिरत होता, एक ओळ देणार नाही.

दिग्दर्शकांनी दोघांना समोरासमोर बसवायचं ठरवलं. जागा त्यांची जुनीच, नाशिक रोडला रेल्वे लाइनीजवळचा गाळा. भिंतींना अंड्यांचे ट्रे चिकटवलेले, कोपऱ्यात ड्रम. ड्रमर सातपूरच्या कंपनीतली शिफ्ट संपवून तसाच आला होता. त्याच्या शर्टाला माइक लावताना मला त्याचा श्वास ऐकू येत होता. पळत आलेल्या माणसासारखा.

"मी विचारणार कशी? तो फोनच उचलत नाही," गायिका म्हणाली. दिग्दर्शकांकडं बघून.

"मी इथंच बसलोय," ड्रमर म्हणाला. "सरांना काय सांगतेस?"

"सर विचारतायत म्हणून सांगते."

"गाऊन तर बघ ते गाणं. हॉलमध्ये येऊन लाइट घालवीन."

"ये की. फक्त तिकीट काढून ये."

तो उठला. माइक ओढून काढला आणि दाराकडं निघाला. दिग्दर्शकांचा चेहरा फुलला. त्यांनी कॅमेरामनला डोळ्यानं खूण केली: मागं जा.

"थांबा," मी म्हटलं. "कुणी हलू नका. खोलीचा आवाज घ्यायचाय."

प्रत्येक खोलीला स्वतःचा असा एक आवाज असतो. कुणी बोलत नसलं तरी. तो मिनिटभर वेगळा घेऊन ठेवावा लागतो, नाहीतर पुढं बोलणं कापून जोडताना मध्ये खड्डे पडतात. आणि तो त्याच माणसांसकट घ्यायचा असतो, कारण माणूस बाहेर गेला की खोली बदलते. पुढं युनिटमधले म्हणायचे, तू मुद्दाम त्याला अडवलंस. तसं काही नव्हतं. माझं काम राहिलं होतं.

"आत्ता?" दिग्दर्शक दात आवळून म्हणाले.

"आत्ताच. तो गेला की उपयोग नाही."

कॅमेरा बंद झाला. पंखा बंद केला. ड्रमर दारात पाठ करून उभा राहिला. मी हेडफोन दाबून धरले, आणि लांबून मालगाडी आली. गाडीचं मला काही नव्हतं, ती तिथलीच. पण तिच्या धक्क्यानं कोपऱ्यातला छोटा ड्रम झिणझिणायला लागला. त्याच्या खालच्या बाजूला तारा असतात, त्या थरथरत होत्या. कानात विंचू चावल्यासारखं व्हायला लागलं.

"त्या तारा कुणीतरी सैल करा," मी म्हटलं.

गायिकेनं हात पुढं केला.

"हात नको लावूस," ड्रमर म्हणाला. तो दारातून परत आला, वाकला, खटका पाडला. झिणझिण थांबली. आता तो तिच्या अगदी शेजारी उभा होता आणि मी पुन्हा सुरुवात केली होती, त्यामुळं त्याला हलता येईना.

ते मिनिट मी कधी विसरणार नाही. ती आवंढा गिळायची ते मला ऐकू येत होतं. त्याचा श्वास हळूहळू लांब होत गेला. कुणी कुणाकडं बघत नव्हतं.

"झालं," मी म्हटलं.

तरी तो गेला नाही.

"म्हणू का रे?" तिनं विचारलं. यावेळी त्याच्याकडं बघून.

"आता विचारतेस?"

"आता तरी."

त्यानं माझ्याकडं पाहिलं. "ताई, तुमचं मशीन बंद करा. आणि सर, तुम्ही सगळे बाहेर."

त्याच्या पाठीमागं दिग्दर्शक मला मान हलवून नको म्हणत होते. मी मशीन त्याच्यासमोर धरलं आणि बंद केलं. सगळे बाहेर गेले. मीही निघाले, तर तो म्हणाला, "तुम्ही थांबा. साक्षीला कुणीतरी पाहिजे."

मग तो तिला म्हणाला, "म्हण गाणं. पण मी हो म्हटलं हे कुणाला कळता कामा नये. गिटारवाल्याला मी शब्द दिलाय, तुला काही देणार नाही म्हणून."

"लोक म्हणतील, चोरलं."

"म्हणू दे. एकटीनं गायचंय ना तुला? मग हेही एकटीनं झेल."

ती म्हणाली, "बरं."

फिल्म तयार झाली. तिच्यात ड्रमर लाइट घालवायची धमकी देतो, उठून जातो, आणि पुढच्याच दृश्यात ती स्टेजवर तेच गाणं म्हणते. दिग्दर्शकांना पुढचं माहीतच नव्हतं, त्यांचा दोष नाही. ज्यांनी ज्यांनी बघितली त्यांनी तिला चोर म्हटलं. मोबाइलवर काय काय लिहिलं लोकांनी! ती गप्प. मीही गप्प, त्या अटीला मीच साक्षीदार होते ना.

मग नाशिकला फिल्मचा खेळ लावला. गिटारवाला पहिल्या रांगेत. ड्रमर मागं, आईला घेऊन आलेला. आईनं गाणं मोठ्या पडद्यावर पहिल्यांदाच बघितलं. फिल्म संपली, गायिका प्रश्नांसाठी स्टेजवर आली. गाण्याचं कुणीतरी विचारणारच होतं.

विचारलं ते आईनं. माइक नको म्हणाली, उभी राहून तिथूनच बोलली.

"पोरी, गाणं लय ब्येस म्हटलंस. माझ्या डोळ्याला पाणी आलं. पण माझ्या पोराला इचारायचं व्हतं गं. तुला घरात जेवू घातलंय मी."

सगळ्या हॉलनं स्टेजकडं पाहिलं. मी खुर्चीतून अर्धी उठले होते. बोलू का? पण त्या दोघांतला शब्द मोडायचा की नाही हे ठरवणारी मी कोण? गायिकेनं एकदाही मागच्या रांगेकडं पाहिलं नाही. तिनं हात जोडले.

"चुकलं, मावशी," ती म्हणाली.

"विचारलं होतं तिनं!" ड्रमर ओरडला. तो उभा राहिला होता. "आई, खाली बस. विचारलं होतं. मीच हो म्हटलं होतं."

आईनं त्याच्याकडं वळून बघितलं. "मंग इतके दिस मिठाची गुळणी धरून बसला व्हता का रं?"

हॉल हसला. स्टेजवर गायिकेनं माइक खाली ठेवला, दोन्ही हातांनी तोंड झाकलं.

पहिल्या रांगेतला गिटारवाला मात्र उठला. कुणाकडं न बघता बाजूच्या दारानं बाहेर गेला. ड्रमरनं आईचा हात सोडवला आणि खुर्च्यांना धडकत त्याच्या मागं पळाला.