देवीला चावलेल्या मुंग्या

लोणावळ्यात आमच्या शेजारच्या खोलीत एक मावशी एकट्या राहत. मूकपटांच्या काळात त्यांनी तीन-चार चित्रांत कामं केली होती. मग बोलपट आले, गाणाऱ्या बाया हव्या झाल्या, आणि मावशींचा आवाज म्हणजे फुटकी घागर. काम सुटलं. यात त्यांचा गुन्हा काय, सांगा! पण त्या सिनेमात होत्या हे घरमालकीणबाईंच्या कानावर गेलं आणि फर्मान सुटलं, "अमावास्येपातुर खोली खाली करा. शिनेमातली बाई माज्या घरात न्हाई चालायची."

माझं डोकं फिरलं. मी तडक पत्रक काढलं: 'भगिनींनो, कष्टकरी स्त्रीला बेघर करणारी ही कसली अब्रू?' मालकीणबाईंना वाचता येत नव्हतं. त्यांनी त्यावर पापड वाळत घातले.

"अगं, भांडू नकोस," मावशी म्हणाल्या. "आता मला दुसरी खोली कोण देणार?"

त्याच आठवड्यात बाजारात सिनेमाचा तंबू लागला. चित्र जुनंच, मूक. आणि त्यात देवी कोण, तर मावशी! चित्रण इथल्याच कुरवंड्याच्या कड्यावर झालेलं. "भक्ताला वर देत होते," मावशी हसत म्हणाल्या, "आणि पायाला मुंग्या चावत होत्या. आवाज कुणाला ऐकू जाणार? हात वर धरून गोड हसले आणि म्हटलं, 'मेल्या, आवर लवकर, मुंग्या चावतायत.'"

अभिनय हे कष्टाचं काम आहे हे मालकीणबाईंना दाखवायचंच, म्हणून मी त्यांना बोलावलं.

"देवीचं हाय? मंग येते की. त्यो काय शिनेमा न्हाई."

तंबूत देवी प्रकटली आणि बायकांनी चपला काढल्या. मालकीणबाईंनी पडद्याकडे पाहिलं, शेजारी बसलेल्या मावशींकडे पाहिलं, पुन्हा पडद्याकडे. पडद्यावरच्या पाट्या लोकांना वाचून दाखवणारा ओरडला, "देवी म्हणते, बाळा, कल्याण असो!"

"येवढंच?" मालकीणबाई कुजबुजल्या. "व्हट तर लय हालत्यात. खरं सांगा, काय म्हनलात?"

मावशींना खोटं बोलवेना. "मुंग्या म्हणत होते."

"मुंग्या!" मालकीणबाईंनी हात जोडले.

सकाळी मी भांडायच्या तयारीनंच बाहेर आले, तर मालकीणबाई मावशींच्या उंबऱ्यावर साखर पेरत होत्या.

"देवीनं सोत्ता सांगितलंय, मुंग्यांस्नी घाला म्हून."

"आणि अमावास्या?"

"गप गं! देवीला घरातनं कोन काडतंय व्हय?"

मी पेटले. आळीतली पोरं गुळाचा चहा पितात आणि साखर मुंग्यांना? अंधश्रद्धा कुठली! सगळा प्रकार फोडून सांगायला मी तोंड उघडलं. एवढ्यात मावशी दारात आल्या. मुंग्या त्यांच्या घोट्यापर्यंत चढल्या होत्या. त्यांनी हात वर केला, गोड हसल्या आणि नुसते ओठ हलवले. मालकीणबाई पायाशी वाकल्या. मला मात्र प्रत्येक शब्द कळला: 'मेले, तोंड मिट.'

मिटलं. मुंग्या त्या खोलीतून कधीच गेल्या नाहीत. मावशीही नाहीत.