नोटिशीची वाट बघणारे मामा

सरकारी नोटिशीची चातकासारखी वाट बघणारा माणूस अख्ख्या पनवेल तालुक्यात एकच आहे, आणि तो माझ्या बायकोचा मामा आहे. गावात टपालवाला किंवा तलाठ्याचा कोतवाल दिसला की बाकीची मंडळी मागच्या दाराने पसार होतात. मामा मात्र सदऱ्याची बटणं लावत रस्त्यावर जाऊन उभे राहतात. ‘माझ्या नावाचा काय हाय का?’ नसलं तर त्यांचा चेहरा असा पडतो की बघवत नाही. असलं तर, मग ते विजेचं बिल का असेना, त्यावर ‘पोच’ असा शिक्का उठतो, तारीख पडते आणि आवक वहीत नोंद होते. हा शिक्का त्यांनी पनवेलच्या बाजारातून खास करून घेतला आहे. माझ्या लग्नाची पत्रिका घेऊन मी त्यांच्या पाया पडलो, तेव्हा आशीर्वाद द्यायच्या आधी त्यांनी दुसरी प्रत मागितली, तिच्यावर शिक्का मारून माझ्या हातात दिली आणि म्हणाले, ‘ही तुमी ठेवा. उद्या मामाला बोलावला नाय, असा कोनी बोलायला नको.’ ती पत्रिका अजून आमच्या अल्बममध्ये आहे.

घरातही कारभार रीतसर. मामींनी एकदा पडवी झाडायला त्यांना खाटेवरून उठायला सांगितलं, तर यांनी कारण विचारलं, किती वेळासाठी ते विचारलं आणि तोवर दुसरी जागा कुठे देणार हेही विचारलं. मामी झाडू घेऊन उभ्याच. ‘यांना खाटेवरनं उठवायचा तर सुनावनी घ्यायला लागते,’ असं त्या येईल त्याला सांगतात. मामांना त्यात थट्टा दिसतच नाही. राज्यघटनेतलं कलम तीनशे अ त्यांना तोंडपाठ आहे. कायद्याने अधिकार असल्याशिवाय कोणाचीही मालमत्ता काढून घेता येत नाही, हे ते आरतीच्या ठेक्यात म्हणतात आणि मग बोटांवर मोजत फोड करून सांगतात: आधी कळवायचं, मग ऐकून घ्यायचं, मग कारण देऊन आदेश काढायचा, काम लोकांच्या उपयोगाचं असलं पाहिजे आणि मोबदला वाजवी पाहिजे. पाहुण्याचा चहा संपतो, मामांची बोटं संपत नाहीत.

या वेडाला कारण आहे. त्यांच्या वडिलांच्या वेळी नव्या शहरासाठी जमिनी घ्यायला सुरुवात झाली, तेव्हा गावाने एकमताने ठरवलं की नोटीस कोणी हातात घ्यायचीच नाही. कागदच घेतला नाही तर जमीन जाईल कशी, असा सरळ हिशेब. वडील दिवसभर मिठागरावर जाऊन बसले. कोतवालाने नोटीस दाराला चिकटवली. संध्याकाळी त्यांनी ती खरवडून काढली, चुलीत घातली आणि समाधानाने जेवले. हरकत घ्यायची मुदत त्या चुलीतच गेली. सगळी भातशेती गेली आणि घराभोवतीचे दहा गुंठे तेवढे राहिले. त्यातच विहीर, त्यातच वालाचं शेत. मामांचं जगात जे काही आहे ते एवढंच.

त्या दहा गुंठ्यांवर गेल्या वर्षी एका सोमवारी सकाळी खोदायचं यंत्र येऊन उभं राहिलं. मामींचा फोन आला तसा मी रोडपालीच्या आमच्या घरून स्कूटर दामटत गेलो. बघतो तर अर्धं कुंपण आडवं झालेलं आणि यंत्राच्या पुढ्यात प्लास्टिकच्या खुर्चीवर मामा, अंगात बनियन, मांडीवर आवक वही. रस्ता रुंद करायला आलेल्या साहेबांना ते अगदी गोड आवाजात म्हणत होते, ‘साहेब, चा घ्या. पन आधी आदेश दाखवा.’

‘काका, सरकारी काम आहे हे.’

‘सरकारी हाय म्हनून तर इचारतंय. चोर असता तर कागद कशाला मागला असता?’

साहेब म्हणाले, नोटीस केव्हाच दिली आहे. मामांनी वही उघडली. गॅसच्या पावतीपासून बारशाच्या निमंत्रणापर्यंत सगळं होतं, नोटीस नव्हती. ‘मग असा लिवून द्या, नोटीस न देता ताबा घ्यायला आलो. खाली सही करा. मी उठतो.’ आणि शिक्का पुढे केला. साहेबांनी दोन-तीन फोन केले, चहा घेतला आणि यंत्र मागे फिरवलं. मला मामांचा इतका अभिमान यापूर्वी कधी वाटला नव्हता.

पुढे नोटीस आली, रीतसर. सुनावणीला मामा अकरा पानांची हरकत घेऊन गेले. समोर एक तरुण बाई अधिकारी होत्या. ‘बोला काका, मी ऐकतेय,’ म्हणाल्या, आणि हा कलमं पाठ असलेला माणूस हातातली पानं नुसती चाळत राहिला. शेवटी एवढंच बोलला, ‘ताई, चहूकडं खारा पानी हाय. आमची इहीर तेवढी गोडी हाय.’ त्यांनी ते लिहून घेतलं. आदेशात कारणांसकट आलं: घर आणि विहीर वगळली. पुढचे सहा गुंठे, वालाचे, रस्त्यात जाणार. मोबदलाही बरा होता.

मी पेढे घेऊन गेलो. अर्धी का होईना, लढाई जिंकली होती. मामा वालात उकिडवे बसून शेंगा खुडत होते. मी अभिनंदन केलं, तरी मान वर केली नाही.

‘सगला कायद्यानं झाला, जावई. नोटीस दिली, ऐकून घेतला, कारन पन लिवला,’ ते म्हणाले. ‘आता रागवायचा तरी कोनावर?’

मला फार वाईट वाटलं. पेढ्यांचा पुडा पिशवीतच राहू दिला आणि पँट वर दुमडून त्यांच्या शेजारच्या ओळीत शेंगा खुडायला बसलो.