खाडाखोडीवरची सही

आमच्या मंडळाच्या यंदाच्या दिवाळी स्मरणिकेत एक विनोदी लेख छापून आला आहे. एका शब्दाचा अर्थ चुकला, त्या चुकीमुळे आपला एक सर्व्हेयर नोकरीतून जाता जाता वाचला आणि वर त्याला साहेबांच्या जेवणघरात खुर्ची मिळाली, अशी ती हकीकत. लेखात एक ‘चिडके वकीलकाका’ आहेत. ते मेजावर मूठ आपटतात, गर्जना करतात आणि शेवटी घोटाळा त्यांचाच निघतो. माझ्या नातीला मराठी समजते, वाचता येत नाही. तिने तो लेख आईकडून वाचून घेतला आणि धावत येऊन विचारले, “आजोबा, धिस इज सो फनी! तुम्ही खरंच ओरडलात?”

मी ओरडलो नव्हतो. नाशिकच्या न्यायालयात पंचवीस वर्षे उभा राहिलो, तिथेही आवाज चढवला नाही. ज्याच्या हातात कागद नसतो, त्याने आवाज चढवावा. चूक झाली, हे मात्र खरे आहे. परंतु चुकीमुळे न्याय मिळाला, हे साफ खोटे आहे. आणि त्याहून गंभीर बाब अशी की त्या लेखातून एक माणूसच गाळलेला आहे. म्हणून हे लिहितो आहे. लेखकमहाशयांनी चष्मा लावून वाचावे.

नाशिक सोडून मी कतारमध्ये, दोह्यात आलो तो एका बांधकाम कंपनीत करारमदार तपासण्यासाठी. परदेशी वकिलाला इथल्या न्यायालयात उभे राहता येत नाही, हे मला पहिल्याच दिवशी सांगण्यात आले. पण कागद वाचायला कोणत्याच देशात मनाई नाही. निवृत्त झाल्यावर अल मन्सूरात मुलाकडे राहू लागलो. खाली केरळी माणसाचे किराणा दुकान, वर आम्ही. ओळखीतली माणसे कागद घेऊन येत. मी चहा पाजत असे आणि कागद वाचत असे.

त्या हिवाळ्यात एका संध्याकाळी दोन माणसे आली. एक कराडकडचा सर्व्हेयर. पन्नाशीचा, उन्हाने रापलेला, एरवी शांत. दुसरा त्याचा जोडीदार, केनियाचा. उंच, मितभाषी, दारात बूट काढून ते ओळीत लावून ठेवणारा. हा दुसरा म्हणजेच स्मरणिकेतून गळालेला माणूस. दोह्याशेजारच्या लुसैलच्या एका साइटवर हे दोघे मिळून मापे घेत. एक यंत्रापाशी उभा राही, दुसरा दूरवर पोल धरून. दोघांची ग्रेड एकच, आठवी.

“काका, ताटावरनं उठवलं आमास्नी,” कराडकर म्हणाला. चिडला की त्याची प्रमाण मराठी गळून पडत असे.

कंपनीचे नाव मी सांगणार नाही. ती आता इथे नाही. तिच्या साइट ऑफिसात दोन जेवणघरे होती. एक सर्वांचे, दुसरे सीनियरांचे. आठव्या ग्रेडपासून वरच्यांनी सीनियरांत जेवावे, असा छापील नियम होता. पण शाळेतून नुकती सुटल्यासारखी दिसणारी, सहाव्या ग्रेडची गोरी मुले तिथे खुशाल बसत, आणि आठव्या-नवव्या ग्रेडचे आपले, नेपाळी, फिलिपिनो, आफ्रिकी लोक पलीकडे दाटीवाटीने जेवत. कुणी हाकलत नसे. कुणी जातच नसे. त्या दिवशी पलीकडे जागा नव्हती म्हणून हे दोघे आपापली ताटे घेऊन सीनियरांत बसले. जेवणघराचा व्यवस्थापक आला आणि केनियाच्या माणसाच्या खांद्यावर हात ठेवून हसत म्हणाला, “इथे नाही, मित्रा.” मग कराडकराकडे पाहून म्हणाला, “आणि तूही.”

कराडकराने तक्रार लिहून आणली होती. चार पाने. त्यात ‘घोर अपमान’ सहा वेळा आणि ‘मानवतेला काळिमा’ दोनदा होता. मी लाल पेन उचलले आणि सगळी विशेषणे उडवली.

“काका, मग राहिलं काय?”

“तारीख राहिली. आता मापं आणा. अपमान मोजता येत नाही, खुर्ची मोजता येते. तुम्ही सर्व्हेयर आहात ना?”

माझे नाशिकचे गुरू म्हणत, आधी तक्ता, मग तक्रार. ते मी इंग्रजीत सांगितले. केनियाचा गृहस्थ तेव्हा प्रथमच बोलला. त्याने एवढेच विचारले, “स्केल काय ठेवू, म्झे?” म्झे म्हणजे त्यांच्याकडे आदरणीय वृद्ध. मला तो शब्द फार आवडला, आणि मनातल्या मनात मी तो लगेच स्वीकारला.

पाच दिवस त्या दोघांनी काचेच्या भिंतीतून पाहून नोंदी केल्या. केनियाच्या माणसाने सीनियर जेवणघराचा नकाशा काढला. काय नकाशा होता! दारे, खिडक्या, उत्तर दिशेचा बाण, प्रत्येक मेज, प्रत्येक खुर्ची. कंपनीच्या फोनयादीत प्रत्येकाच्या नावापुढे ग्रेड छापलेली असे; ती खुर्चीत लिहिली, खाली देश लिहिला. रंगाविषयी एक अक्षर नव्हते. पण तो कागद हातभर लांब धरला की लहान मुलालाही कळले असते.

याच सुमारास मंडळातले एक पदाधिकारी, म्हणजे आजचे आपले विनोदी लेखक, मंडळाच्या एका कार्यक्रमात फराळाच्या वेळी मला म्हणाले, “काका, आपल्या माणसापुरतं बघा ना. त्या आफ्रिकनाचं त्याचे लोक बघतील.” मी उत्तर देणार होतो, पण कराडकराने मला बोलू दिले नाही. चकलीचा तुकडा तसाच हातात धरून तो म्हणाला, “साहेब, तो तिकडं पोल सरळ धरतो म्हणून हिकडं माझं माप बरोबर येतं. मी एकट्यानं खुर्ची घेतली, तर ते माप चुकलं म्हणायचं.” समतेवर मी बरीच भाषणे ऐकली आहेत. त्यांतले एकही चकली हातात धरून केलेले नव्हते, आणि एकही इतके आखूड नव्हते.

आता तो प्रसिद्ध शब्द.

प्रकरणाची कुजबुज साइटच्या मॅनेजरांपर्यंत गेली. त्यांनी मनुष्यबळ विभागातल्या कारकुनाला सांगितले, त्या दोघांकडून लेखी समझोता घे आणि गुरुवारपर्यंत विषय संपव. कारकून लखनौचा, अतिशय अदबशीर गृहस्थ. त्याने कराडकराला फोन केला, “भाईसाहब, साहब चाहते हैं आप दोनों राज़ीनामा लिखकर दे दें। बस, सब ख़ुशी-ख़ुशी ख़त्म।”

कराडकर बायकोला घेऊन थेट माझ्याकडे आला. त्याची मुलगी बारावीत, परीक्षा दोन महिन्यांवर. नोकरी गेली तर इथला मुक्कामही जाणार होता. बायको म्हणाली, “काका, पोरगीला अजून सांगितलं नाही. सांगू का नको, तेवढं सांगा.”

“सांगू नका,” मी म्हणालो.

राजीनामा म्हणजे आपल्याकडे नोकरी सोडल्याचा कागद. लखनौत राज़ीनामा म्हणजे तडजोडीचा, समेटाचा कागद. हे मला तेव्हा सुचले नाही, हे मी इथे स्वच्छ अक्षरांत मान्य करतो. माझ्या बचावासाठी एवढेच सांगतो की आमच्या जुन्या महसुली दस्तांतही राजीनामा म्हणजे हक्क सोडून देणेच होते. माझे सारे आयुष्य त्या अर्थाबरोबर गेले होते. तेव्हा मी बसलो आणि दोघांच्या नावे एकच पत्र लिहिले. पहिल्या परिच्छेदात, आमच्याकडून राजीनामा मागितला गेला असून तो आम्ही देणार नाही. दुसऱ्या परिच्छेदात एकच प्रश्न: नियमपुस्तिकेचे पान म्हणते, जागा ग्रेडनुसार, सोबतचा नकाशा वेगळे सांगतो, या दोहोंपैकी चूक कोणते, ते कृपया कळवावे. आणि उत्तर न मिळाल्यास हीच दोन्ही कागदपत्रे कामगार खात्याकडे नेऊ. खाली दोघांच्या सह्या, मागे नकाशा.

गुरुवारी सकाळी मीही बरोबर गेलो. मेट्रोने लुसैलला, इस्त्रीचा कोट घालून. मॅनेजर दूरच्या थंड देशातले, घाईतले, पण असभ्य मुळीच नव्हते. मला त्यांनी घरचे वडीलधारे म्हणून बसू दिले. पहिला परिच्छेद वाचून ते गोंधळले.

“राजीनामा? तुमचा राजीनामा कुणी मागितला?”

सर्वांनी कारकुनाकडे पाहिले. कारकुनाने कपाळाला हात लावला. “अरे भाईसाहब! राज़ीनामा! सुलह का काग़ज़! मैंने नौकरी छोड़ने को कब कहा?”

“आमच्यात राजीनामा म्हणजे नोकरी सोडणंच,” कराडकर हिंदी विसरून मराठीतच म्हणाला. मी ते समजावून सांगितले.

कारकून माझ्याकडे अपार करुणेने पाहू लागला. “वकील साहब, आपके यहाँ लोग राज़ी होकर नौकरी छोड़ते हैं?”

मी हसलो. खोटे कशाला बोलू, पोट धरून हसलो. मॅनेजरांना अर्थ सांगितला तेव्हा तेही हसले, केनियाचा गृहस्थ तर डोळे पुसू लागला. स्मरणिकेतला लेख इथे संपतो. सगळे हसले, गैरसमज मिटला, मॅनेजरांनी मोठ्या मनाने खुर्ची दिली.

वाचकहो, खुर्ची अशी मिळत नसते. हसणे ओसरताच मॅनेजरांनी पत्राची घडी घातली आणि म्हणाले, “म्हणजे सगळाच गैरसमज होता. हे पत्र परत घेऊन जा. खलास.” हीच ती जागा, जिथे शंभरातली नव्वद माणसे हसत हसत पत्र परत घेतात. कराडकराचा हात पुढे झालाही होता. नोकरी वाचली, तेवढ्याने त्याचा जीव भांड्यात पडला होता.

मी म्हणालो, “परत कशाला? गैरसमज पहिल्या परिच्छेदापुरता आहे. तेवढा खोडून टाकू.” आणि पेन काढून, पट्टी लावल्यासारख्या सरळ रेघा मारून मी तो परिच्छेद खोडला. समासात दोघांनी छोट्या सह्या केल्या. मग पत्र फिरवून मी ते मॅनेजरांपुढे ठेवले. “आमच्याकडे रीत आहे, खाडाखोडीवर दोन्ही पक्षांची छोटी सही असते. तारखेसह. तुमच्याच संरक्षणासाठी, म्हणजे राजीनाम्याचा आरोप उद्या कुणी करणार नाही.”

ते त्यांना पटले. पटण्यासारखेच होते. त्यांनी समासात आद्याक्षरे लिहिली, तारीख घातली, आणि पेन खाली ठेवता ठेवता थांबले. खोडलेल्या परिच्छेदाखाली न खोडलेला परिच्छेद होता. त्याच्यामागे नकाशा होता. आणि ते सारे आपण वाचले, याची त्यांनी स्वतःच्या हाताने पोच दिली होती. त्यांनी पान उलटले. नकाशा त्यांनी हातभर लांब धरून पाहिला. बराच वेळ पाहिला. चेहऱ्यावरचे हसू हळूहळू गेले, आणि मग, हे मी त्यांच्या बाजूने नमूद करतो, कानांपर्यंत लाली आली.

“हा कुणी काढला?” त्यांनी विचारले.

“मी,” केनियाचा गृहस्थ म्हणाला. “स्केल पन्नासास एक.”

“पान चूक नाही,” मॅनेजर म्हणाले. आणि माझ्याकडे वळून, “तुम्ही घरचे वडीलधारे नाही. तुम्ही वकील आहात.”

“निवृत्त,” मी म्हणालो.

चूक सर्वांच्याच हातून होते. त्या चुकीवर समोरच्याची सही घ्यायला मात्र वकील लागतो. गोऱ्या-काळ्याच्या लढ्यात जगभर वकिलांनी काय केले, असे मला कुणी विचारले तर मी गर्जना सांगणार नाही. दुसऱ्याच्याच पुस्तकातले पान उघडून त्याच्याच पुढे ठेवायचे आणि वाचल्याची पोच घ्यायची. बहुतेक ठिकाणी त्यांनी हेच केले असावे, असे मी माझ्या अनुभवावरून समजतो.

रविवारी, कामाच्या आठवड्याच्या पहिल्याच दिवशी, सीनियर जेवणघराच्या दारावर नियमपुस्तिकेचे ते पान चिकटवले गेले. आत कोण बसेल, हे आता फोनयादीतली ग्रेड ठरवणार होती. कराडकराचा मला फोन आला. मागे ताटवाट्यांचा आवाज.

“काका, बसलोय दोघं. खिडकीपाशी.”

“जेवण कसं आहे?”

“काका, एवढ्यासाठी भांडलो व्हय? नुसतं उकडलेलं हाय सगळं. मीठ सुद्धा नाही!” आणि तो मोकळेपणाने हसला. “पण आता हिच्या डब्यातला ठेचा काढलाय. ह्यानं बटाट्याला लावून खाल्ला. आता शेजारचा एक गोरा पोरगा मागतोय.”

“त्याची ग्रेड विचारा आधी,” मी म्हणालो.

कराडकराच्या मुलीला परीक्षा संपेपर्यंत काहीच कळले नाही. कळले तेव्हा ती आईवर रुसली, आणि मग ठेच्याची गोष्ट तिने वर्गभर सांगितली.

महिन्याभराने दोघे पुन्हा माझ्याकडे आले. केनियाच्या माणसाने बूट ओळीत लावले आणि गुंडाळलेला कागद मेजावर उलगडला. त्याच जेवणघराचा नवा नकाशा. तोच उत्तरेचा बाण, त्याच खुर्च्या, पण आता त्यांवरचे देश असे मिसळले होते की कागद कितीही लांब धरा, कोणतीच रेघ दिसत नव्हती. खालच्या चौकटीत लिहिले होते, सुधारित प्रत क्रमांक एक. मोजणी, दोघांची नावे. त्याखाली ‘तपासले’ असा रकाना, रिकामा.

“म्झे, इथे तुम्ही,” तो म्हणाला.

मी चष्मा लावला आणि नकाशा नीट तपासला. दोन कप चहा होईपर्यंत तपासला. कराडकर चुळबुळ करू लागला. खिडकीपाशी, त्यांच्या स्वतःच्याच मेजावर, चार खुर्च्यांऐवजी पाच दाखवल्या होत्या.

“ही पाचवी कुणाची?”

दोघांनी एकमेकांकडे पाहिले. “तुमची, काका. पाहुणे म्हणून येणार ना, गुरुवारी?”

“पाहुण्याला ग्रेड नसते,” मी म्हणालो. “नियमात बसत नाही.” ती खुर्ची मी सरळ रेघ मारून खोडली, तिघांच्या छोट्या सह्या घेतल्या, आणि मग रकान्यात पूर्ण सही केली. तो नकाशा माझ्या भिंतीवर आहे, खाडाखोडीसकट. लेखकमहाशयांनी येऊन पाहावा. त्याच्या खालच्या चौकटीत, मोजणीपुढे, दोन नावे आहेत.

गुरुवारी मी गेलोच. पलीकडच्या, सर्वांच्या जेवणघरात जेवलो. तिथले नेपाळी आचारी फार सुंदर वरण करत, आणि सीनियरांतले निम्मे लोक एव्हाना तिथेच येऊन बसू लागले होते.